नी सोडला नाही

नगरात अजूनही कुणी ना कुणी भेटतं आणि विचारतं, "हिवाळे सरांशी भांडून क्वायर सोडली ती पोरगी तूच ना गं?" मी दरवेळी सांगते, सोडली नाही, मला काढलं. या दोन्हींत फरक आहे आणि तो मी मरेपर्यंत सांगत राहणार. सोडणं माझ्या स्वभावात नाही. माझं नाव करुणा आहे, पण पप्पा म्हणायचे की नाव ठेवताना आपला अंदाज साफ चुकला. तर हे प्रकरण त्या एका वर्षाचं, आणि खरं म्हणजे एका सुराचं. एका सुरासाठी एवढं रामायण? असं आमच्या घरीसुद्धा विचारून झालंय. हो, एका सुरासाठीच.

आम्ही केडगावात राहायचो, रेल्वेलाईनच्या अलीकडे, पत्र्याच्या दोन खोल्या आणि पुढे शेवग्याचं झाड. गाडी गेली की ताटल्या वाजायच्या आणि आईचं शिलाई मशीन त्या आवाजातही चालूच असायचं. आई ब्लाऊज शिवायची. पप्पा एमआयडीसीत फिटर, कधी पहिली पाळी, कधी दुसरी. घरात बोलणं कमी आणि गाणं जास्त. आई काम करताना गायची, पण गाण्याची मुख्य चाल कधीच नाही. ती चर्चच्या क्वायरमध्ये आल्टो होती, म्हणजे बायकांचा खालचा आवाज, आणि घरीसुद्धा ती आल्टोचीच ओळ गायची. त्यामुळे लहानपणी मला सगळी गाणी अर्धीच माहीत होती. शाळेत सगळ्या पोरी एक चाल लावायच्या आणि मी भलतीच. बाई म्हणायच्या, हिला सूर नाही. घरी येऊन सांगितलं तर आई हसून हसून दमली. म्हणाली, "तुला सूर हाय, पर दुसऱ्या खोलीतला हाय." मग कळायला लागल्यावर तिनंच मला क्वायरमध्ये नेऊन आपल्या शेजारी उभं केलं.

क्वायरची प्रॅक्टिस दर गुरुवारी संध्याकाळी, शहरातल्या चर्चच्या मागच्या हॉलमध्ये. हॉलला कौलं, लाकडी बाकं, कोपऱ्यात वाळवी लागलेला ऑर्गन, त्यातले निम्मे सूर बंद. हिवाळे सर ट्यूनिंग फोर्क गुडघ्यावर आपटून कानाला लावायचे, आणि त्या एका सुरावरून सगळे आपापला सूर शोधायचे. सर शाळेतून निवृत्त झालेले, पांढरा शर्ट, कडक इस्त्री, आवाज कधी चढायचा नाही. त्यांनी ही क्वायर आयुष्यभर उभी केली होती, हे मी आधीच सांगून टाकते, नाहीतर वाचणाऱ्याला वाटायचं की सर म्हणजे कुणी खलनायक होते. आमच्यातल्या कुणालाच पाच रेघांवरचं सुरांचं विलायती लिखाण वाचता यायचं नाही. सर एकटे वाचायचे. मग ते प्रत्येक गाणं जुन्या मिशनरी पद्धतीनं अक्षरांत उतरवायचे, म्हणजे प्रत्येक सुराला एक अक्षर, आणि तो मोठा कागद भिंतीवर लटकवायचे. चार आवाज, चार ओळी. आम्ही त्यावरून गायचो. त्या अक्षरांच्या भानगडीत मी वाचकाला पाडत नाही, पेटीवरची साधी नावंच वापरते: सा, रे, ग, म.

हातानं उतरवायचं म्हटलं की चुका होणारच. त्यामुळे आमच्या क्वायरचा एक नियमच पडून गेला होता: गाताना काही खटकलं की ती उतरवताना झालेली चूक समजायची, सरांना सांगायचं, सर खडूनं दुरुस्त करायचे आणि पुढे जायचं. खटकणं म्हणजे चूक. यात कुणाला कधी शंका आली नाही. आमची सगळी क्वायर गोड गाते म्हणून जिल्हाभर नाव होतं, आणि मला वाटतं त्या गोडव्याचं अर्धं कारण हेच होतं. खटकलं ते सगळं आम्ही पुसत आलो होतो.

त्या वर्षी नाताळाआधीच्या गायनमेळाव्यासाठी सरांनी नवं गाणं आणलं. नवं म्हणजे खरंच नवं. आमची बाकीची गाणी लिहिणारे सगळे केव्हाच देवाघरी गेलेले, आणि हे लिहिणारी बाई जिवंत होती. उत्तरेकडच्या कुठल्याशा थंड मुलखातली. साथीला काही वाद्य नाही, नुसते चार आवाज. गोष्ट एवढीच, की परगावची एक बाई विहिरीवर येते आणि पाणी मागते, आणि विहिरीवरचे लोक तिला हो म्हणत नाहीत. आल्टो म्हणजे ती बाई. बाकीचे तिन्ही आवाज म्हणजे गाव. सरांनी शब्द मराठीत आणले होते आणि छान आणले होते, खोटं कशाला बोलू. शेवटाजवळ एक जागा होती, तिथे सगळं गाव एक लांब सूर धरतं आणि आल्टो त्यांच्यासोबत "पाणी" एवढा एकच शब्द धरून राहते, श्वास संपेपर्यंत. सरांच्या कागदावर तिथे सोप्रानोला, म्हणजे बायकांच्या वरच्या आवाजाला, सा होता आणि आम्हा आल्टोंना प. सा आणि प, एकदम मुरलेली जोडी. फार गोड वाटायचं. काही बायकांच्या डोळ्यांत पाणी यायचं.

मला चैन पडेना म्हणून मी दिल्ली दरवाजाजवळच्या सायबर कॅफेत जाऊन ते गाणं शोधलं. तेव्हा मोबाईलवर काही मिळत नसे. कॅफेत पडद्याचे खोके केलेले, आत पोरं गोळ्या झाडायचे खेळ खेळत बसलेली, आणि मी हेडफोन लावून विहिरीवरच्या बाईची वाट बघत होते. गाणं अडत अडत यायचं. ती जागा आली आणि मी खुर्चीतच ताठ झाले. आल्टो प वर नव्हत्याच. त्या नी वर होत्या, साच्या अगदी पोटाखाली. पेटीवर सा आणि त्याच्या खालचा नी एकदम दाबून बघा, जेवताना दाढेखाली खडा आल्यासारखं होतं. आणि त्या बायका तो खडा थुंकत नव्हत्या. धरून बसल्या होत्या. मी ते पुन्हा लावलं, पुन्हा लावलं, शेवटी कॅफेवाला म्हणाला, "ताई, रेकॉर्ड अडकली का?" 

गुरुवारी ती जागा आली तेव्हा मी नी लावला. ठरवून लावला. सरांनी हात खाली घेतला आणि माझ्याकडं न बघता विचारलं, "आल्टोमध्ये कोण बेसूर?" मी हात वर केला आणि ऐकलेलं सगळं सांगितलं. सर शांतपणे म्हणाले, "इंटरनेटवर कुणीही काहीही गातं. आपल्या कागदावर काय आहे?" मी म्हटलं, कागद उतरवताना चुकलं असेल, तर छापील प्रत दाखवा. अशी मागणी क्वायरमध्ये कुणी केलेली नव्हती. सर म्हणाले, "दाखवून काय करणार? तुला वाचता येतं?" मागच्या बाकावरच्या दोघी हसल्या. आईनं माझं मनगट धरलं होतं, ते मी सोडवलं. मी म्हटलं, "आज नाही येत सर. येईल." 

सरांचं म्हणणं सरळ होतं. कागदावरचं गा, नाहीतर मेळाव्याला येऊ नकोस. म्हणजे आता प्रश्न एवढाच राहिला की माझा कान खरा की खोटा. खरा असेल तर मी आल्टोत, खोटा असेल तर घरी. पप्पांना हे कळलं तेव्हा ते शेंगोळ्यांचा रस्सा ओरपत होते. "एका सुरानं पगार वाढतो का, वकीलसाहेब?" असं म्हणाले. मी म्हटलं, तुमच्या कंपनीत नट एका आट्यानं सैल ठेवला तर चालतो का? दुसऱ्या दिवशी त्यांनी पुण्याला जाणाऱ्या एका मित्राकडं चिठ्ठी देऊन पाच रेघा वाचायला शिकवणारं एक पुस्तक मागवून घेतलं. आमच्या पप्पांची ही रीत. तोंडानं टोमणा मारायचा आणि हातानं काम करून टाकायचं. त्या पुस्तकावर मी किती डोकं फोडलं ते माझं मला माहीत. रेघांवर टिंबं, टिंबांना शेपट्या, आणि सगळं इंग्रजीत. भाकरी थापताना समोर पुस्तक, त्यामुळे त्याचं प्रत्येक पान पिठाचं.

छापील प्रतीसाठी पुण्यातल्या कॅम्पातल्या एका वाद्यांच्या दुकानाला मी फोन लावला. ते म्हणाले, मागवून देतो, पण नवी आवृत्ती मिळेल, जुनी आता येत नाही. नवी-जुनी असं काही असतं हेच मला तेव्हा पहिल्यांदा कळलं. तेवढ्यानं माझ्या पायाखाली थोडी जमीन आली. म्हणजे दोन आवृत्त्या आहेत, म्हणजे काहीतरी बदललंय. मग जुनीचा शोध. ज्या क्वायरचं गाणं मी ऐकलं होतं तिला मी मोडक्या इंग्रजीत मेल लिहिला. उत्तर नाही. पुन्हा लिहिला. मग त्यांच्या ग्रंथपाल बाईंचा मेल आला, की आमच्याकडे जुन्या आवृत्तीच्या वापरलेल्या प्रती पडून आहेत, एक पाठवते, पत्ता द्या. केडगावचा पत्ता इंग्रजीत लिहिताना "शेवग्याच्या झाडासमोर" हे कसं लिहायचं यावर मी आणि कॅफेवाल्यानं बराच वेळ घालवला. आता माझी मुलगी मोबाईलवर बोट फिरवते आणि कुठलीही प्रत समोर आणते, आणि मला विचारते, "मम्मी, तुम्ही एवढं काय शोधत होतात?" काय सांगणार तिला!

दोन्ही प्रती हातात आल्या त्या दिवशी रविवार होता. चर्चहून आलेलो, कुकरमध्ये मटण शिजत होतं, घरभर वाटलेल्या मसाल्याचा वास. आईनं मशीनवरचं कापड बाजूला केलं आणि त्यावर मी दोन्ही प्रती शेजारी शेजारी उघडून ठेवल्या. नवी प्रत कोरी, चकचकीत. जुनी प्रत पिवळी, कोपरे दुमडलेले, जागोजागी पेन्सिलीच्या खुणा. पान-पान जुळवत गेलो. मी सूर वाचायचे, आई तिच्या पाठ असलेल्या ओळीशी ताडून बघायची. सुरुवातीला सगळं सारखं. मग ती जागा आली. जुन्या प्रतीत आल्टोला नी. लांब, अखंड नी, सोप्रानोच्या साच्या खाली. आणि त्या नीवर कुणीतरी पेन्सिलीनं एक चष्मा काढून ठेवला होता. इथे डोळे उघडे ठेव, असा त्याचा अर्थ, हे मला नंतर कळलं. मी तर आनंदानं ओरडलेच. पप्पा बाहेरून म्हणाले, "कुकर फुटला का?"

मग नवी प्रत बघितली. नव्या प्रतीत प होता. छापलेला, स्वच्छ, ठसठशीत प. आणि पानाच्या तळाशी बारीक अक्षरांत लिहिलेलं, की इथे रचनाकारानं स्वतः बदल केला आहे. म्हणजे सर चुकलेच नव्हते. त्यांनी नव्या आवृत्तीवरून जसंच्या तसं उतरवलं होतं. तरी आशा म्हणून मी दुसऱ्या दिवशी प्रकाशन संस्थेला मेल टाकला, तर त्यांचं दोन ओळींचं उत्तर आलं: नवी आवृत्ती हीच अंतिम समजावी, जुनी वापरू नये. जिनं लिहिलं तिनंच बदललं, ज्यांनी छापलं त्यांनी शिक्कामोर्तब केलं. आता माझ्या बाजूला कोण? एक पेन्सिलीचा चष्मा.

त्या रविवारी मटण मला गोड लागलं नाही. आई जेवताना म्हणाली, "त्या ठिकानी शबुद कोनता हाय म्हनलीस?" मी म्हटलं, पाणी. तिनं हातातला घास ताटात ठेवला. "माझी आई आडाजवळ उभी ऱ्हायाची," ती म्हणाली. "कर्जतकडच्या गावात. आडावर चढायचं न्हाई. कुनीतरी वरनं वतंल तवा घागर भरायची. कवा कवा दुपार व्हायची." मग भाकरीचा तुकडा मोडत म्हणाली, "तवा काय ती गोड आवाजात मागत असंल व्हय गं?" हे एवढंच. पुढं ती पप्पांना रस्सा वाढायला उठली. पण माझ्या डोक्यात लख्ख झालं. जुन्या प्रतीतली बाई गावाला खटकत उभी राहते. नव्या प्रतीतली बाई गावाच्या सुरात जाऊन बसते, आणि ऐकणाऱ्यांना वाटतं, छान झालं, मिटलं. पाणी तर तिला दोन्हींत मिळत नाही! मग मिटलं कुणाचं? लिहिणाऱ्या बाईला काय वाटलं असेल ते असो. तिनं एकदा खरं लिहिलं होतं, छापलं होतं, लोक ते गायले होते. आता नको म्हणाली म्हणून ते खोटं होत नाही. मी ठरवलं, मी जुनीच गाणार.

गुरुवारी दोन्ही प्रती घेऊन गेले आणि सरांच्या टेबलावर उघडून ठेवल्या. सरांनी दोन्ही नीट बघितल्या. त्यांच्या चेहऱ्यावर विजय वगैरे नव्हता, ते तसे नव्हतेच. म्हणाले, "मेहनत केलीस. पण हे बघ, तूच पुरावा आणलास. अंतिम आवृत्तीत प आहे." मी म्हटलं, "पहिलीत नी आहे. तीही तिचीच आहे. आपण निवडू शकतो." सर म्हणाले, "क्वायरमध्ये एका माणसाचा कान मोठा नसतो." मी म्हटलं, "मग ऐकून तरी बघा." आमच्याकडं एक शिक्षा होती. ज्याची ओळ कच्ची त्यानं पुढं येऊन एकट्यानं गायची. सर म्हणाले, "ये पुढं. सोप्रानो, सा धरा." सोप्रानोत सगळ्यात पुढं एस्तेर होती, सरांची मुलगी, माझ्याच वयाची, आवाज असा की हॉलची कौलं वाजावीत. त्यांनी सा धरला. मी नी लावला.

आधी काही झालं नाही. मग मागच्या दोघी हलल्या, मग मधल्या, आणि बघता बघता सगळ्या सोप्रानो घसरून माझ्याच नीवर येऊन बसल्या. शेवटी एस्तेरसुद्धा. ती लालबुंद झाली. सर म्हणाले, "बघितलंस? सगळ्यांना बिघडवलंस." मी म्हटलं, "मी जागची हलले नाही, सर. हलल्या त्या." आणि मग सरांनी ते सांगितलं जे बहुतेक त्यांना पहिल्यापासून माहीत होतं: "म्हणूनच प आहे, करुणा. हे आपल्याला पेलणार नाही." मी म्हटलं, "मग पेलायला शिकवा ना! तुम्ही सर आहात!" एवढं मोठ्यानं त्या हॉलमध्ये त्यांच्याशी कुणी बोललं नव्हतं. सरांनी दोन्ही प्रती बंद केल्या, माझ्या हातात दिल्या आणि म्हणाले, "यापुढं येऊ नकोस." मी पिशवी उचलली आणि निघाले. मला वाटलं आई मागून येईल. ती आली नाही. ती आपल्या जागी उभी राहिली आणि प्रॅक्टिस पुढं सुरू झाली, आणि मला बाहेर रस्त्यावर तो गोड प ऐकू येत होता.

आईवर मी इतकी चिडले होते की विचारू नका. पुढच्या गुरुवारी ती पदर खोचून निघाली तेव्हा मी दारात आडवी झाले. "तू अजून जातेस? मला काढलं त्यांनी!" आई म्हणाली, "तुला काढलं. मला न्हाई." आणि चप्पल घालून गेली. मी तिच्याशी बोलणं टाकलं. घरात आल्टोची ओळ बंद झाली. मी मात्र हट्टानं तो नी गात राहिले, भांडी घासताना, धुणं वाळत घालताना, रेल्वे गेली तर तिच्या भोंग्यावर. शेजारच्या काकू विचारायला लागल्या, पोरीला काय झालंय.

आणि एक दिवस एस्तेर तिच्या स्कूटीवरून आमच्याकडं आली. निमित्त मेळाव्यासाठीच्या ब्लाऊजच्या मापाचं. माप देऊन झालं तरी हलेना. शेवटी म्हणाली, "तुझ्यापुढं माझा सा पडला, ते मला सहन होत नाही. लाव तुझा नी." मी म्हटलं, आधी पाणी तर पी. ती म्हणाली, "पाहुणचार नको. लाव." मग आम्ही शेवग्याखाली उभ्या राहिलो. ती पडली. पुन्हा. पुन्हा पडली. चिडून तिनं शेवग्याला लाथ मारली. मी तिला सांगितलं, माझ्याकडं कान देऊ नकोस, पण मला विसरूही नकोस. "म्हणजे नक्की काय करू बाई?" ती म्हणाली. ते मलाही माहीत नव्हतं. पण ती रोज यायला लागली. ब्लाऊजचा गळा मोठा झाला, मग लहान झाला, मग बाह्या आखूड, आई बिचारी न बोलता उसवायची आणि शिवायची. आम्ही गायला लागलो की तिचं मशीन थांबायचं. पप्पा दुसऱ्या पाळीला निघताना म्हणायचे, "दोन मांजरी एका भिंतीवर." आणि एका दुपारी एस्तेरचा सा पडला नाही. आम्ही दोघी श्वास संपेपर्यंत एकमेकींना खटकत उभ्या राहिलो, आणि मग दोघी एकदम हसत सुटलो. जाताना स्कूटीला किक मारत ती म्हणाली, "मी तुझ्या बाजूची नाही हां. आमचे पप्पा सांगतील तेच गाणार. मला फक्त हरायचं नव्हतं."

आता मध्येच सांगते, त्या गाण्याची तिसरी आवृत्ती निघाली आहे. मी मागवली. तिच्यात त्या जागी नी आणि प दोन्ही छापलेत आणि खाली लिहिलंय, आवडेल तो घ्यावा. घ्यावा म्हणे! आमची इकडं उभी भांडणं झाली आणि आता आवडेल तो घ्यावा. तरी त्या बाईबद्दल मला राग नाही. तिचाही तो सूर तिला पुरता सोडता आला नाही असं दिसतं.

मेळाव्याला मी जाणार नव्हते. आई साडी नेसता नेसता म्हणाली, "क्वायरमधनं काढलंय. ऐकायला बसायला कुनी काढलं न्हाई." किती दिवसांनी माझ्याशी बोलली होती, म्हणजे मी तिला बोलू दिलं होतं. पप्पांनी सुट्टी टाकली होती. हॉल गच्च भरलेला, राहुरी-देवळालीकडून तिथल्या चर्चच्या मंडळ्या आलेल्या, बाहेर चिवड्याचा आणि चहाचा वास. आम्ही मागं भिंतीजवळ बसलो. आमची क्वायर उभी राहिली. आल्टोच्या पहिल्या ओळीत आई, तिच्या शेजारची माझी जागा कुणीतरी भरून काढलेली. सरांनी फोर्क गुडघ्यावर आपटला.

गाणं छान चाललं होतं. मला त्यातलं पान आणि पान दिसत होतं, दोन्ही प्रतींचं. ती जागा जवळ आली तशी मी खाली मान घातली. तो प मला ऐकायचा नव्हता. गाव आपल्या लांब सुरावर आलं, आल्टोंनी "पाणी" म्हटलं, आणि त्या सगळ्या पंचमाच्या वर, साच्या पोटाखाली, एक नी आला. एकच. जाडसर, जरासा घोगरा, मशीनवर बसून बसून तयार झालेला आवाज. मी मान वर केली. आई समोर बघत होती, सरांकडं नाही, कुठंतरी हॉलच्या दारापलीकडं. शेजारच्या आल्टोंनी तिच्याकडं चमकून बघितलं. सोप्रानोची मागची रांग डळमळली. आता सगळं घसरणार असं मला वाटलं, पप्पांनी माझा हात घट्ट धरला. पण एस्तेरनं डोळे मोठे केले आणि तिचा सा तिनं असा रोवला की मागच्या सगळ्या तिला धरून उभ्या राहिल्या. मग आईशेजारची एक आल्टो नीवर आली. मग आणखी एक. माझ्या पुढं बसलेली बाई नवऱ्याला म्हणाली, "काहीतरी चुकलं वाटतं." मी रडत होते. सरळ सांगते, हमसून रडत होते. सरांचा हात वर होता. त्यांना तो खाली आणता आला असता, एका क्षणात सगळं थांबलं असतं. त्यांनी हात वरच ठेवला, सगळ्यांचा श्वास संपेपर्यंत. का, ते मी त्यांना कधी विचारलं नाही आणि ते गेले तोवर त्यांनीही कधी सांगितलं नाही.

गाणं संपल्यावर मी धावत स्टेजच्या मागच्या बोळात गेले. आई पदरानं गळ्याचा घाम पुसत उभी होती. मी तिला म्हटलं, "तुला तो सूर मी शिकवलासुद्धा नव्हता!" ती म्हणाली, "महिनाभर भांड्यांवर बडवतीयास. भैरी हाय का मी?" तेवढ्यात सर आले. त्यांचा शर्ट पाठीवर ओला झाला होता. एस्तेर भिंतीला टेकून उभी होती. सरांनी माझ्याकडं बघितलंच नाही. आयुष्यभर ज्या बाईनं त्यांनी दिलेला प्रत्येक सूर मुकाट्यानं लावला होता, तिच्यासमोर ते उभे राहिले.

"लीलाबाई," ते म्हणाले, "हे कुणाच्या परवानगीनं?"

आईनं पदर खांद्यावर नीट केला.

"पानी मागायला परवानगी लागती व्हय, सर?"